सौम्या भात खात नाही

अनिकेत : पाळण्याला हात लावू नका! कुणाचा बाप आला तरी माझ्या पोरीला मी नेऊ देणार नाही!

नागोजी : बापच आलों आहें मीं, सौम्याचा. आरडूं नका, माप्पिळ्ळे, जांवईबापू. पापा जागी होईल, तान्हें लेंकरूं निजलें आहे. तांबरम स्टेशनांत पांच चाळीसला वाट उघडते. चाळीस माणसें फलाटावर खोळंबलीं आहेत.

अनिकेत : कसली वाट? सौम्या, तुझे अप्पा शुद्धीवर आहेत ना?

सौम्या : आहेत रे. लग्नाआधीच सांगायला हवं होतं, पण माझा धीर झाला नाही. आमचा तांडा गावोगाव नाही फिरत, काळातून फिरतो, या सालातून त्या सालात. एका सालात उतरून वर्षानुवर्षं तळ ठोकायचा, वाट उघडली की उठायचं. सोडलेलं साल पुन्हा लागत नाही.

अनिकेत : आणि मला म्हणालीस, आम्ही तंजावरकडचे मराठी!

नागोजी : तें खोटें नव्हे. तंजावुरांत बारा वर्षें तळ होता कीं. दोनशें वर्षें झालीं त्याला. भाषा तेवढी जिभेवर राहिली.

अनिकेत : मग तुम्ही जा, खुशाल जा! ही कशाला येईल? दोन वर्षं संसार करतेय इथे.

नागोजी : करते. दोन वर्षांत भात जेवली?

अनिकेत : काय?

नागोजी : भात. इडली. दोसै. एक शीत तरी पोटांत गेलें तिच्या?

अनिकेत : तिला पित्त होतं भातानं. शेजारच्या विजयालक्ष्मीमामी पोंगल देतात ते दर वेळी मीच संपवतो... सौम्या? खाली का बघतेस?

सौम्या : पित्तबित्त काही नाही मला. ज्या सालाचा भात पोटात गेला, त्या सालाचं माणूस होतं. मग वाट त्याला आत घेत नाही. म्हणून मी चपाती खाते, नाचणी खाते.

अनिकेत : म्हणजे दोन वर्षं तू एक पाय दाराबाहेर ठेवून माझ्याबरोबर राहिलीस?

सौम्या : हो. चुकलंच माझं.

अनिकेत : आणि रेवा?

सौम्या : ती अजून अंगावरच पिते.

नागोजी : म्हणून आजच निघावें. सहा महिने झाले. उद्यां कोणी मऊ भात भरवील, मग पापा अडकली इथें जन्मभर.

अनिकेत : उद्या कशाला? रविवारी उष्टावण करणार होतो, माझी आई कराडहून चांदीची वाटी घेऊन येतेय. पण खड्ड्यात गेला मुहूर्त! कुकर आत्ताच उतरवलाय. हा बघा, वाटीत आणला भात! अडवाच मला!

सौम्या : अनिकेत, थांब! दे ती वाटी इकडे.

अनिकेत : नाही देणार!

सौम्या : दे म्हणते ना. अप्पा, मला शेवटचं पापा कधी म्हणालात, आठवतं?

नागोजी : आत्तां कां तें?

सौम्या : मी चार वर्षांची होते. दुष्काळाचं साल होतं. आई भुकेनं कळवळली आणि कुणी दिलेला भात जेवली. वाट उघडली तेव्हा तुम्ही मला खांद्यावर टाकलंत. म्हणालात, पापा, आई मागून येते.

नागोजी : चाळीस माणसें होतीं मागें! वाट मज एकट्यास दिसते. मीं थांबलों असतों तर तीं कुठें गेलीं असतीं?

सौम्या : ठाऊक आहे. पण मी तुमच्या खांद्यावरून मागे बघत होते. आई हाकसुद्धा मारत नव्हती. हाक मारली तर मी रडेन, म्हणून. त्या दिवसापासून तुम्ही मला पापा म्हटलं नाहीत. आज रेवा माझ्या खांद्यावरून कुणाला बघणार, अप्पा? सांगा ना!

नागोजी : अय्यो, सौम्या. तूं राहिलीस तर पुन्हा दिसणार नाहींस मज. मीं मेलों तरी तुज कळणार नाहीं.

सौम्या : मला का सोसतंय ते? काल रात्रीपासून जीव तुटतोय माझा. पण मी येणार नाही. ही घ्या वाटी. पहिला घास भरवायचा मान आजोबांचा.

अनिकेत : वेडी आहेस का? त्यांच्या हातात देतेस? ते फेकून देतील!

सौम्या : फेकू देत. माझे अप्पा आहेत ते.

(नागोजी वाटी घेतात आणि बोटानं भात चाचपतात.)

नागोजी : मीठ?

सौम्या : नाही घातलं. तूप आहे.

नागोजी : कढत आहे. थांब, फुंकूं दे. घे, पापा. अगे, थुंकूं नको. हां... गिळलें! बघितलेंत, माप्पिळ्ळे? गिळलें कीं!

अनिकेत : अप्पा... तुम्हीच राहा ना इथे. एक खोली रिकामीच आहे आपल्याकडे.

नागोजी : चाळीस माणसें आहेत, माप्पिळ्ळे.

अनिकेत : मग मी सोडतो तुम्हाला स्टेशनवर. इथून, सिरुसेरीहून, तांबरमला तास लागतो, आता निघायला हवं.

नागोजी : निघूं. वाटींत थोडा उरला आहे. सौम्या, इकडे ये. आ कर, पापा.