मोरीमागचं बटरफ्रूट

माझ्या सख्ख्या भावानं मला फसवलं. बाळाराम त्याचं नाव, नाव लिहा, लपवू नका. बाहेरच्या कुणी फसवलं असतं तर मी त्याला पनवेलच्या बाजारात चारचौघांत उभा धरला असता, धरलेही आहेत तसे, तिथे सगळे मला ओळखतात, पण भावाला कुठे उभा धरायचा ते मला अजून कळलेलं नाही.

तुम्ही काल ताटली चाटूनपुसून संपवलीत आणि विचारलंत, मावशी, हे सॅलड कसं करता, आमच्याकडे असं होत नाही. आता सॅलडाचं सांगायचं तर आधी झाडाचं सांगावं लागेल, आणि झाडाचं सांगायचं तर बाळारामचं नाव येणारच, म्हणून म्हटलं नाश्त्याची भांडी होऊ दे, मग निवांत बसू.

माझं नाव यमुना. जन्म इथलाच, म्हणजे तुम्ही ज्या ओट्यावर बसलाय ना, त्याच्या मागे आमची आंघोळीची मोरी होती. आता हे रिसॉर्ट झालं, तिथे ते निळं पाणी आहे पोहायचं. कुडाचं घर, पुढे भाताची शेती, मागे डोंगर. आई एका बंगल्यात भांडी घासायला जायची. तिथल्या म्हाताऱ्या बाईकडे बंगलोरहून पाहुणे आले, त्यांनी आणलेल्या फळांतलं एक तिनं आईच्या हातावर ठेवलं. हिरवंगार, लांब मानेचं. आईला वाटलं, कैरीची काहीतरी जात असेल. आमच्यात सुकटीत कैरी घालतात, तशी तिनं त्याच्या फोडी करून सुकटीत घातली आणि चांगली शिजवली. काय सांगू तुम्हाला, असं कडूजार झालं की बाबा ताटावरून उठले. बाळाराम तेव्हा लहान, त्यानं तोंडातला घास थेट अंगणात फेकला, कुत्रंसुद्धा हुंगून गेलं. आई रडकुंडीला आली, अख्खी सुकट फुकट गेली म्हणून. मी मात्र ती आतली बी उचलली. एवढी मोठी, गुळगुळीत, मला ती टाकवेना. मोरीच्या पाण्याजवळ खड्डा केला आणि लावली. मी लावली, ह्या हातानं. हे लिहिलंत ना?

झाड वाढलं. नुसतं वाढलं. वर्षं गेली, फूल नाही, फळ नाही. बाबा म्हणायचे, सरपणाला तोडतो. मी म्हणायची, बाबा, त्याच्या आधी मला तोडा. बाबा म्हणायचे, हिचं तोंड बघा, हिला सासर कसं मिळायचं. मिळालं. कुंभिवलीत दिलं मला, आणि माझी पाठ वळल्यावर, पुढच्याच पावसात, झाड फळलं. आई सांगायची, तुझ्यासारखंच आहे ते, कुणाच्या सांगण्यानं काही करायचं नाय.

तेव्हापासून बाळाराम दर राखीला फळं घेऊन यायचा. आमच्या झाडाचं फळ श्रावणात तयार होतं. गोणीत पेंढा घालून त्यात फळं, आणि दारातूनच ओरडणार, यमे, तुझी ओवाळणी आणली गं, साडी मागू नको. मी म्हणायची, तुझी साडी कुणाला पायजे रं बाळ्या, पुसायला पण होत नाय. असं आमचं प्रेम. तो धाकटा, पण ‘यमे’शिवाय हाक नाही.

माझ्या नवऱ्याचं रसायनीच्या कंपनीतलं काम सुटलं तेव्हा मी घरासमोरच, हायवेच्या कडेला, हातगाडीवर फळांची ताटली सुरू केली. आधी पपई-कलिंगड, सगळे विकतात तेच. मग एका श्रावणात बाळारामची फळं घरात जास्त झाली, आणि आता मला ठाऊक होतं की ती शिजवायची नाहीत. मी ती ताटलीत घातली. एक बाई गाडीतून उतरली, खाल्लं, आणि परत जाऊन गाडीतल्या सगळ्यांना खाली उतरवून घेऊन आली. तिथून माझं नाव झालं. आता लिहून घ्या, कसं करते ते.

बटरफ्रूट, तुम्ही अवोकाडो म्हणता ते, झाडावर पिकत नाही. आंब्याची सवय असलेली माणसं वाट बघत बसतात, ते गळून सडतं. ते उतरवून तांदळाच्या डब्यात पुरायचं, सोबत एक केळं, तीन-चार दिवसांत होतं. अंगठ्यानं दाबून बघायचं नाही. माझ्या गाडीवर कुणी दाबलं तर मी हातावर फटका मारते, गिऱ्हाईक असलं तरी, कारण दाबलं तिथे आत काळं पडतं. देठाची टिकली काढून बघा, खाली हिरवं असलं तर कापा, तपकिरी असलं तर उशीर झाला. मग आधी अननस, त्याचं पाणी सुटतं त्यात पपई, पेरू बिया काढून, चिकू, डाळिंबाचे दाणे. केळं शेवटी. लिंबू, काळं मीठ, भाजलेलं जिरं, पुदिना हातानं तोडून, सुरीनं नाही, आणि एक हिरवी मिरची इतकी बारीक की कुणाला दिसू नये. हे सगळं कालवून झालं की मग बटरफ्रूट, माणूस समोर बसल्यावर, आधी नाही. वरून परत लिंबू, आणि चमच्यानं ढवळायचं नाही, भांडंच हलवायचं, नाहीतर चिखल होतो. इथला मॅनेजर मला पहिल्या दिवशी म्हणाला, मावशी, तासभर आधी कापून ठेवा ना, गर्दी होते. म्हटलं, साहेब, तासाभरानं ते तुमच्या बुटासारखं दिसेल, तेच वाढू का? श्रावणात बायका विचारतात, उपासाला चालतं का हो? मी म्हणते, देवाला त्याचं नाव माहीत नाही, तुम्ही सांगू नका.

तर, बाबा गेले. वर्ष झाल्यावर बाळाराम हक्कसोडीचा कागद घेऊन आला. आमच्याकडे बहिणी सही देतात. नाही दिली तर माहेर तुटतं, दिली तर साडीचोळी मिळते आणि दार उघडं राहतं, असं म्हणतात. मी म्हटलं, जमीन घे, घर घे, मला काही नको. पण मोरीमागच्या झाडाचं फळ माझं, मी जिती आहे तोवर. तो म्हणाला, यमे, फळ काय, झाडच तुझं हाय, मी काय त्याला हात लावतो होय. चुलती होती तेव्हा बसलेली, तिनं ऐकलं. कर्जतला कागद करायला गेलो तर लिहिणारा म्हणाला, बाई, झाडाचं पण एक कलम घालून टाकू का? आणि मी, जी बाई अननस दोनदा ठोकल्याशिवाय घेत नाही, जी पपईवाल्याला पेटी उलटी करून दाखव म्हणते, ती मी काय म्हणाले असेन? म्हणाले, नको, भावाचा शब्द आहे, भावाशी कागद कसले करायचे. अंगठा नाही, सही केली, मला सही येते. आयुष्यात एवढाच एक सौदा मी न तपासता केला.

दोन-तीन राख्या तशाच गेल्या, फळं आली. मग एका उन्हाळ्यात तो म्हणाला, घर गळतं, दुरुस्त करायचं हाय, तोवर कर्जतला भाड्यानं राहतो. मी म्हटलं बरं. मला गाडी सोडून कुठे जाता येतं? राखीला आला. ह्या खेपेला गोणी नाही, पिशवी. राखी बांधली, ओवाळलं, पिशवीत हात घातला आणि हाताला कळलं. काळपट, खरखरीत, सगळी एका मापाची. आमच्या झाडाच्या फळाला लांब मान असते, साल तुळतुळीत. म्हटलं, काय रं बाळ्या, ही कुठली? म्हणाला, आपल्याच झाडाची की. म्हटलं, मग मान कुठे गेली ह्यांची? म्हणाला, औंदा पाऊस कमी झाला गं, त्यानं मान नाय धरली. पाऊस कमी! ऐका. मी जन्म फळांत घातलाय आणि हा मला सांगतो पावसानं फळाला मान येते. अंगठा फिरवला तर चिकट लागलं. दुकानात चिकटवतात ना ते गोल स्टिकर, ते खरवडून काढलं होतं, पण खालचा गोंद राहिला होता. प्रत्येक फळावर. बसून एकेक खरवडलं असणार त्यानं.

मी पिशवी उचलली आणि अंगणात भिरकावली. फळं हायवेपर्यंत घरंगळत गेली. तो चहा न पिता उठला. मनगटावर माझी राखी होती.

दुसऱ्या दिवशी रिक्षा करून इथे आले. सगळीकडून पत्रे मारलेले. घर नव्हतं. पत्र्याच्या वरून फक्त माझ्या झाडाचा शेंडा दिसत होता. चुलती शेजारच्या पाड्यात राहायची, तिच्याकडे गेले. ती म्हणाली, पोरी, तिन्ही बाजूंची शेतं विकली लोकांनी, भिंती आल्या, बैलगाडी जायला वाट उरली नाय, तो एकटा किती दिवस धरून बसणार? खरं असेल. मी पण आजूबाजूला बघते, मला कळतं. विकलं म्हणून मी भांडतच नाही त्याच्याशी. शेत त्याचं होतं. पण माझ्याकडे येऊन सांगायचं, यमे, विकतोय, झाड जाणार, ये आणि एकदा बघून जा. मी शिव्या दिल्या असत्या, एक दिवस दिल्या असत्या, दोन दिवस दिल्या असत्या, मग आले असते आणि झाडाला मिठी मारून गेले असते. त्यानं बाजारातली फळं आणली, माझ्याकडे! माझ्याच धंद्यात मला उल्लू बनवायला निघाला.

मग पुढच्या वर्षी इथला मॅनेजर माझ्या गाडीवर आला, ताटली खाल्ली आणि म्हणाला, मावशी, शनिवार-रविवार आमच्याकडे नाश्त्याला याल का? कुठे म्हटलं, तर पत्ता सांगितला, आमच्याच शेताचा. नवरा म्हणाला, जाऊ नको, रडशील. मी गेले. मॅनेजरला एकच अट घातली, ह्या झाडाचं फळ मीच उतरवणार, माळ्यानं हात लावायचा नाही. तो म्हणाला, एवढंच? म्हटलं, एवढंच. तेव्हापासून मी, मोरी होती तिथे, त्या निळ्या पाण्याच्या काठावर उभी राहून माझ्या झाडाची फळं काढते आणि तुम्हा लोकांना खायला घालते. तुम्ही खाता, छान म्हणता, मला बरं वाटतं, खोटं नाही सांगत. आईच्या सुकटीचा सूड निघाला असं वाटतं.

पण गेल्या महिन्यात काय झालं, बुंध्याला पाटी लावली. मी पाहुण्यांसमोर वाढत होते आणि मॅनेजर त्यांना वाचून दाखवतो, हे झाड आमच्या मालकांच्या आजोबांनी लावलेलं आहे. मालकांचे आजोबा! त्यांनी हा डोंगर कधी बघितला तरी होता का? मी ताटली खाली ठेवली. म्हटलं, साहेब, हे झाड मी लावलंय. पाहुणे हसले. मॅनेजर वाईट माणूस नाही, तो मला बाजूला घेऊन हळू बोलला, मावशी, मालकांनी सांगितलं ते मी वाचतो, तुमच्याकडे काही पुरावा आहे का, कुणी सांगणारं आहे का, मी त्यांच्या कानावर घालीन.

कोण सांगणारं आहे? आई नाही, बाबा नाहीत. चुलती ह्या उन्हाळ्यात गेली. मी खड्डा करत होते तेव्हा शेजारी उभं राहून, यमे, हे कडू फळ परत कशाला लावतेस गं, असं विचारणारा एकच माणूस आज जिवंत आहे. त्याचा फोन लागतो, तो उचलत नाही. बायको उचलते, आणि मागून तो तिला सांगताना ऐकू येतो, ताईला सांग बाथरूममध्ये आहे. किती आंघोळी करणार?

तुम्ही लिहिताय ते छापून येईल ना? त्याला वाचायची आवड आहे, वाण्याच्या पुडीचा कागदसुद्धा वाचतो. मग हे शेवटचं त्याला लिहा, माझ्या नावानं.

बाळ्या, मला जमीन नको, घर नको, तू चुकलास असंसुद्धा म्हणू नकोस, मी ते म्हणवून घ्यायला बसलेली नाही. राखी आणून ठेवली आहे. पण ह्या वर्षी ती मी घरी बांधणार नाही. इथे ये, रविवारी, नाश्त्याला, पाहुणे भरलेले असतात तेव्हा. मी तुला पहिली ताटली वाढीन, लांब मानेच्या फळाची. मग त्या पाटीखाली उभा राहा, हात पुढे कर, आणि मी गाठ मारायच्या आधी सगळ्यांना ऐकू जाईल असं सांग, हे झाड कुणी लावलं रं?