एक कान मोकळा

ताई : थांब थांब, माउसच्या वेगाची पट्टी परत निसटली. आता पाऊण दाखवतेय. पाऊण ठेवू?

बारक्या : पाऊण नको. एकच्या थोडं पुढे ने. माउस वीतभर सरकवलास की खेळात तू पूर्ण मागे वळायला हवीस.

ताई : वीतभरच सरकवते रे, पण बघत राहते भिंतीकडे. मंगळवारी आपण खेळलो तेव्हा अख्खा वेळ मी भिंती बघितल्या. हे घर घेताना नव्हत्या एवढ्या बघितल्या.

बारक्या : कारण ती सेन्सिटिव्हिटी माझी आहे. मी खांद्यापासून हात फिरवतो. तू मनगटावर खेळायचीस.

ताई : आता मनगटावरही जमत नाही. अंगठ्यापासून वर कळ जाते. ठकीला उचलून उचलून.

बारक्या : कधीपासून?

ताई : ती चार महिन्यांची झाली तेव्हापासून.

बारक्या : आता किती महिन्यांची आहे?

ताई : नऊ. मामालाच भाचीचं वय विचारावं लागतंय, छान आहे.

बारक्या : डॉक्टरला दाखवलंस?

ताई : पट्टा दिलाय त्यांनी. बांधला की तिला अंघोळ घालता येत नाही, सोडला की दुखतं. हे बघ, सव्वा केलं. हं, वळले. चक्क मागचं दार दिसलं.

बारक्या : आईला माहितीये का, हाताचं?

ताई : आईला किती गोष्टी सांगू? तिला एक काळजी पुरते, ती तुझी.

बारक्या : पुढची सेटिंग घे.

ताई : घेते. वही समोरच आहे. तू पाठवलेल्या चौदा ओळी उतरवून काढल्यात मी.

बारक्या : वहीत? मेसेज होता की फोनवर.

ताई : फोन ठकी तोंडात घालते. वहीसुद्धा घालते, पण वहीचं काही बिघडत नाही. बरं, चौथी ओळ, ग्राफिक्स सगळे कमी. इतके कमी की माणसं कणकेच्या गोळ्यांसारखी दिसतात.

बारक्या : दिसू दे. चित्र अडखळत नाही त्यामुळे. नेम धरताना स्क्रीन अडखळली की मेलीस.

ताई : मी न अडखळता मेले की, पाच वेळा. सहावी ओळ, ब्राइटनेस शंभर. हे का? माझ्या डोळ्यांना पाणी आलं. तुझ्या खोलीत एवढा अंधार असतो?

बारक्या : पडदा लावलेला असतो.

ताई : दिवसा?

बारक्या : स्क्रीनवर ऊन येतं.

ताई : तुझ्या खिडकीसमोर दुसऱ्या इमारतीची भिंत आहे. सामान लावायला मीच आले होते ना तुझ्याकडे? कपडे वाळत नाहीत म्हणून तेव्हा कुरकुरत होतास. ऊन कुठून आलं मधेच?

बारक्या : ताई, 'माउस बिघडलाय, फोन उचल' असं लिहिलं होतंस तू.

ताई : हो.

बारक्या : म्हणून उचलला.

ताई : माहितीये मला. महिनाभर 'कसा आहेस' लिहून पाहिलं, तेव्हा नाही उचललास. माउसचं नाव काढलं आणि दुसऱ्या रिंगला आलास. तेवढं कळतं मला.

बारक्या : आवाजाच्या सेटिंगवर जा. दहावी.

ताई : संगीत शून्य. केलं. अकरावी, पावलांचा आवाज पूर्ण.

बारक्या : तो सगळ्यात महत्त्वाचा. समोरचा दिसायच्या आधी ऐकू येतो. सरावाच्या मैदानात जा, तिथे एक बाहुला फिरत असतो. ऐकून सांग, डावीकडून येतोय की उजवीकडून?

ताई : डावीकडून.

बारक्या : आता?

ताई : आता ऐकूच येत नाहीये. हां, आला, डावीकडून.

बारक्या : तो गोल फिरतोय. दर वेळी डावीकडून कसा येईल? हेडफोन नीट घातलायस का?

ताई : अर्धा घातलाय.

बारक्या : अर्धा म्हणजे?

ताई : डाव्या कानावर. उजवा कान मोकळा ठेवलाय, ठकी आत झोपलीये ना. उठल्यावर ती लगेच रडत नाही, आधी पाय आपटते पाळण्यात. ते ऐकायला लागतं. रडायच्या आत पोचले तर परत झोपते, नाहीतर गेली दुपार.

बारक्या : तू मंगळवारी पण एका कानावर खेळलीस?

ताई : नऊ महिने सगळं एकाच कानावर चाललंय माझं.

बारक्या : म्हणजे उजवीकडून आलेला प्रत्येकजण तुला मारून गेला. थांब, याला एक उपाय आहे. खेळातून बाहेर ये, कॉम्प्युटरच्या आवाजाच्या सेटिंगमध्ये जा. तिथे मोनो असं लिहिलेलं दिसेल. ते चालू कर. दोन्ही बाजूंचा आवाज एकाच कानात येईल.

ताई : केलं. ए, हो की. आता तो सारखा ऐकू येतोय. पण कुठे आहे ते मात्र कळत नाही.

बारक्या : नाहीच कळणार. बाजू गेली. आवाज आहे एवढंच कळेल.

ताई : मग तू सांगायचं, डावीकडे का उजवीकडे.

बारक्या : मी?

ताई : इतकी वर्षं मी नाही सांगितलं? घरात एक कॉम्प्युटर, एक खुर्ची. खुर्चीत तू, मागे स्टुलावर मी. जिन्यावर दोघं आहेत, खाली बस, आता ऊठ. घसा बसायचा माझा. बाबा म्हणायचे, गोळ्या हा झाडतो आणि लढाई ही करते.

बारक्या : तेव्हा तू खोलीत होतीस.

ताई : आणि आता कानात आहे. मंगळवारी तर ओरडत होते तुझ्या नावाने, हळू आवाजात जेवढं ओरडता येतं तेवढं. 'बारक्या, गच्चीवर आहे, गच्चीवर आहे.' तू हूं नाही की चूं नाही. सरळ गेलास आणि मेलास. मला वाटलं चिडलाय. दोन दिवस तेच घोळत होतं डोक्यात. काय बोलले मी, कुठे दुखावला हा.

बारक्या : मला वाटलं, तूच बोलत नाहीयेस.

ताई : मी बोलत नाही? मी?

बारक्या : मलाही विचित्रच वाटलं ते. वहीतली बारावी ओळ वाच.

ताई : बारावी, व्हॉइस चॅट... बंद.

बारक्या : ती पण उतरवलीस?

ताई : तू लिहिलं होतंस, सगळं जसंच्या तसं लाव. मी लावलं. माझी काय अक्कल चालते त्यात? अरे देवा, म्हणजे तासभर मी या खोलीत एकटीच बडबडत होते.

बारक्या : हो.

ताई : हसतोयस?

बारक्या : थोडं.

ताई : हस. खूप दिवसांनी ऐकतेय. पण मला एक सांग, माझी बंद होती ती तुझ्यामुळे. तुझी कुणामुळे बंद आहे?

बारक्या : लोक फार ओरडतात तिथे. शिव्या देतात.

ताई : पूर्वी नव्हते देत? तू सव्याज परत करायचास.

बारक्या : पुढची सेटिंग.

ताई : कधीपासून बंद आहे?

बारक्या : पाचसहा महिने झाले.

ताई : पाच महिने तू रोज चार अनोळखी माणसांबरोबर खेळतोस आणि कुणाशी बोलत नाहीस. बारक्या, आज गुरुवार आहे. तीन वाजलेत.

बारक्या : जेवणाची सुट्टी आहे.

ताई : तीनला?

बारक्या : शिफ्ट बदललीये.

ताई : माझ्या स्क्रीनवर तुझं नाव आहे, आणि त्याच्या शेजारी आकडा आहे. दोन आठवड्यांत एकशे चाळीस तास खेळलायस. खोटं बोलायचंच तर आधी तो आकडा झाकायची सेटिंग शोधायचीस. तुला तर सगळ्या सेटिंग माहिती असतात.

बारक्या : आईला सांगितलंस?

ताई : नाही. ती रविवारी तुझ्याकडे निघाली होती, डबे भरून. मी थांबवलंय. म्हटलं, आधी मी बोलते, माझ्याशी बोलेल तो. आता नाही बोललास तर मी तोंडघशी पडले, आणि ती येणार. तू बघ.

बारक्या : सात आठवडे झाले. काम सोडलं. म्हणजे सोडलं असं नाही, गेलो नाही परत.

ताई : काय झालं?

बारक्या : काही झालं नाही. तेच तर. हेडफोन लावायचा, तक्रारीचे फोन घ्यायचे. कुणाचा फ्रिज बंद, कुणाचं धुण्याचं यंत्र गळतंय. आणि तो फ्रिज मीच रात्री जाऊन मोडल्यासारखं बोलायचे. आपण म्हणायचं, आपली गैरसोय झाली, क्षमा करा. दिवसाला साठ वेळा. मग घरी आल्यावर कानात कुणी बोललेलं नको वाटायला लागलं. म्हणून इथलं बंद केलं.

ताई : हं.

बारक्या : मग एक दिवस तिथे बसलो होतो आणि ते वाक्य तोंडातून आलंच नाही. समोरचा माणूस बोलत होता, मी गप्प. अकरा मिनिटं. साहेबांनी नंतर ऐकवलं मला ते रेकॉर्डिंग. मी श्वास घेतोय तेवढं ऐकू येतं. ते चांगलेच वागले, म्हणाले, घरी जा, दोन दिवस आराम कर. ते दोन दिवस चाललेत अजून.

ताई : मला का नाही सांगितलंस?

बारक्या : तुला लहान बाळ आहे. भावोजी उशिरा येतात, नवं गाव आहे. तुझ्या डोक्याला आणखी कुठे ताप.

ताई : हे बरंय. मी तुला हात दाखवायचा नाही, तू मला तोंड दाखवायचं नाही.

बारक्या : तू कोणाशी बोलतेस दिवसभर?

ताई : ठकीशी.

बारक्या : उत्तर देणाऱ्या माणसाशी.

ताई : सकाळी तुझे भावोजी म्हणाले, दूध संपलंय. मी म्हटलं, आणते. मग दुकानात गेले, तर तिथे आता माणूस नाही, मशीन बसवलंय. आपलं आपण दाखवायचं, आपलं आपण पिशवीत भरायचं. मशीन म्हणालं, धन्यवाद. मी पण म्हटलं, धन्यवाद. मागच्या बाई बघायला लागल्या.

बारक्या : ताई.

ताई : ऐक, मी तुला कामावर जा म्हणत नाही. डॉक्टरकडे जायचं बोलू, पण आज नाही. पडदा उघड असंही म्हणत नाही, माझाही बंदच असतो ठकीच्या झोपेसाठी. एकच सांगते. बारावी ओळ.

बारक्या : चालू केलं की चौघांचे आवाज येतील.

ताई : फक्त ओळखीचे, असं काही नसतं का त्यात?

बारक्या : असतं. मित्रयादीतले तेवढे.

ताई : मग ते कर. किती जण आहेत यादीत?

बारक्या : बाकीचे काढले मी मधे.

ताई : किती उरलेत?

बारक्या : तू.

ताई : बरं झालं. गर्दी नको मला. करतोस? मला खरंच बाजू कळत नाही रे. एका कानावर मी दहा पावलंही जाणार नाही. सांगायला कुणीतरी लागेल.

बारक्या : मधेच गप्प झालो तर?

ताई : तर मीही गप्प बसेन. अकरा मिनिटं काय, ठकी उठेपर्यंत बसेन. श्वास ऐकू आला की पुरे.

बारक्या : तू पण चालू कर. बारावी.

ताई : केली. वहीत खोडलंसुद्धा. फोन ठेवू?

बारक्या : ठेव.

(फोन बंद होतो. काही वेळ फक्त खेळातल्या वाऱ्याचा आवाज.)

ताई : बारक्या? आहेस का?

ताई : बरं. मी मैदानाच्या दाराशी उभी आहे. तू सावकाश ये.

ताई : पाळणा शांत आहे अजून. वीसेक मिनिटं आहेत आपल्याकडे.

ताई : ए, पावलं वाजतायत. जवळ आलीत. कुठल्या बाजूने ते कळत नाही मला.

बारक्या : मागून. वळू नकोस, माझीच आहेत.