कशाबद्दलचा कप

आई : नाही सर, तुटला नाही. नावही बरोबर आहे. बदलून नकोय. परत द्यायला आणलाय.

सर : परत? कप परत? मॅडम, इतकी वर्षं या तलावावर पोरांना पोहायला शिकवतोय. माझ्याकडे लोक कप मागायला येतात, भांडायला येतात. परत द्यायला आजवर कुणी आलं नाही. बसा आधी. ती टॉवेलची चळत ठेवा खाली, खुर्ची आहे तिच्याखाली. हां. आणि आमची बेडकी कुठाय?

आई : बाहेर बाकावर. आत यायला तयार नाही.

सर : स्पर्धा झाल्यापासून दिसली नाही. म्हटलं ताप-बिप आला की काय.

आई : ताप नाही. सकाळी वेळेवर उठते, दात घासते, वेणी घालून घेते आणि पलंगावर बसून राहते. पोहायला चल म्हटलं की एकच विचारते, "आधी सांग, मला कप कशाबद्दल मिळाला?" सांगता आलं नाही, तर म्हणते, मग मी परत कधीच जाणार नाही. आणि सर, पोहणं सोडून दुसरं काही तिला मनापासून आवडलेलं मी पाहिलेलं नाही.

सर : पण खाली लिहिलंय की. "सहभागाबद्दल."

आई : तेच तर. तिने सहभाग घेतलाच नाही.

सर : म्हणजे?

आई : म्हणजे ती पोहलीच नाही.

सर : असं कसं? शर्यतीत होती ती. सहावा पट्टा, भिंतीकडचा. मी स्वतः कप दिला तिच्या हातात.

आई : शर्यतीत होती. उडी मारायच्या ठोकळ्यावर उभीही राहिली. तुम्ही शिट्टी वाजवलीत, पाच जणींनी उड्या मारल्या. हिने मारली नाही.

सर : जरा उशिरा मारली असेल.

आई : मारलीच नाही. बाकीच्या पलीकडे जाऊन परत आल्या, शिडीने वर आल्या, तोवर ही तशीच वाकून उभी. मग खाली उतरली आणि त्यांच्या रांगेत जाऊन उभी राहिली. रांगेत एकटीचं अंग कोरडं होतं.

सर : हं. मॅडम, त्याचं कसंय, आम्ही कप पोहण्याबद्दल देत नाही, प्रयत्नाबद्दल देतो. ठोकळ्यावर चढणं हाही प्रयत्नच आहे. भल्याभल्यांचे पाय लटपटतात. मागे एक चांगला धिप्पाड बाप्या आला होता. पहिल्या दिवशी शिडीला मिठी मारून बसला. सोडवायला दोघं लागले.

आई : मग त्याला कप दिलात?

सर : त्याला बायकोची बोलणी मिळाली. हसलात ना? हसा हसा. एवढं मनावर घेण्यासारखं काही नसतं हो यात.

आई : मी वाद घालायला आलेली नाही. मला खरंच कळत नाहीये. मी पाणी तपासायच्या प्रयोगशाळेत काम करते. नमुने गोळा करायला जातो तेव्हा एक बाटली नुसतीच बरोबर नेतो. शुद्ध पाण्याने भरलेली. तिच्यात नमुना घ्यायचा नाही. झाकण उघडायचं, लावायचं, परत आणायची. तिलाही बाकीच्यांसारखीच चिठ्ठी लावतो. वाटेत नमुन्यांत बाहेरचं काही मिसळलं का, ते तिच्यावरूनच कळतं.

सर : बघा! तुमच्याच तोंडून आलं. काही न करता नुसतं बरोबर जाण्यालाही किंमत आहे.

आई : हो, मलाही वाटलं, सापडलं उत्तर. मोठ्या हौसेने तिला सांगायला गेले. सगळं ऐकून घेतलं तिने. मग म्हणाली, "म्हणजे मी ती नुसतीच नेलेली बाटली का?"

सर : अरे देवा.

आई : बाटलीला कशाचं काही वाटत नाही. हे माझ्या लक्षातच आलं नाही.

सर : घरात कुणी टोचून बोललं का तिला?

आई : बोललं असतं तर बरं, असं वाटायला लागलंय. सगळे कौतुक करताहेत. आजीने कप फ्रीजवर मांडला होता. शेजारच्या काकूंना दाखवला. फ्रीज दुरुस्त करायला माणूस आला, त्यालाही आधी कप दाखवला, मग बिघाड. "आमची नात पोहण्यात कप घेऊन आली." आणि नात दर वेळी उठून बाथरूममध्ये जाऊन बसते. तिचे बाबा म्हणतात, एवढं काय त्यात, विसरेल दोन दिवसांत. मला ते पटतं. मग मी तिच्या तोंडाकडे बघते, आणि पटत नाही.

सर : तुम्ही काय सांगितलंत तिला? बाटलीच्या आधी?

आई : म्हटलं, तू रोज सरावाला गेलीस, त्याबद्दल. तर म्हणाली, ती निळ्या टोपीवाली मनात आलं तर यायची, तिलाही हाच मिळाला. मग म्हटलं, सगळ्यांसमोर धीराने उभी राहिलीस, त्याबद्दल. तर म्हणाली, मी धीराने नव्हते उभी, मला उतरताच येत नव्हतं. म्हणून तुमच्याकडे आले. कप तुम्ही दिलात. तुम्हाला माहीत असेल.

सर : हे बरंय. परवा त्या शर्यतीत जी पहिली आली, तिची आई येऊन गेली. याच खुर्चीत. माझी मुलगी पहिली, आणि तिला शेवटच्या मुलीसारखाच कप? थोडा उंच तरी द्यायचा होता म्हणे. आज तुम्ही. एकीला कमी पडला, एकीला जास्त झाला. मी काय कप कापून वाटू?

आई : त्यांना काय सांगितलंत?

सर : प्रयत्नाचंच. दुसरं काय आहे माझ्याकडे? मॅडम, पूर्वी आम्ही तिघांनाच द्यायचो. पहिला, दुसरा, तिसरा. बाकीच्यांना टाळ्या. काय व्हायचं, स्पर्धेच्या दुसऱ्या दिवशी निम्मा तलाव ओस. कुणाचा कान दुखतोय, कुणाला शिंका. एक पोरगा होता, कायम चौथा. जीव तोडून पोहायचा, पण चौथाच. त्याचा बाप त्याच्याशी एक अक्षर बोलायचा नाही. पुढे बाप, मागे पोरगं, हातात ओली टोपी. मला बघवायचं नाही. तेव्हा ठरवलं, सगळ्यांना एकसारखा कप. रडारड बंद.

आई : मग त्या मुलाला मिळाला?

सर : मिळाला ना. पुढच्याच स्पर्धेत.

आई : खूश झाला?

सर : कप घेतला, उलटसुलट करून बघितला, आणि मला विचारतो, "सर, मी कितवा आलो?"

आई : कितवा आला होता?

सर : ते आम्ही बघितलंच नव्हतं. सगळ्यांना देणार म्हटल्यावर कोण बघतंय?

आई : हं.

सर : आता तुम्हीच सांगा. बंद करू? परत तिघांनाच देऊ?

आई : असं मी कुठे म्हटलं? तसं केलंत तर माझी मुलगी रिकाम्या हातांनी घरी येईल. ते मला चालेल का, तेही मला सांगता येणार नाही. सर, एक विचारू? तिला कप देताना तुम्ही काय म्हणालात, आठवतंय?

सर : काय म्हणणार? शाबासकी दिली असेल.

आई : पाठ थोपटलीत आणि म्हणालात, "छान पोहलीस. आता पाय अजून जोरात मार."

सर : ते मी सगळ्यांनाच म्हणतो. हातात कप, पाठीवर थाप, फोटो, चल पुढची.

आई : म्हणजे तुम्ही पाहिलं नव्हतं.

सर : मॅडम, सहा पट्टे. तोंडात शिट्टी. एकीचा गॉगल सुटून नाकावर आलेला, ती मध्येच थांबलेली. पाहुणे सारखे घड्याळ बघताहेत...

आई : पण मघाशी म्हणालात, ठोकळ्यावर चढणं हाही प्रयत्नच.

सर : ते आत्ता सुचलं. तुम्ही सांगितलंत तेव्हा.

आई : बरं.

सर : असं "बरं" म्हणू नका हो. त्यापेक्षा ओरडा.

आई : मला ओरडता येत नाही.

सर : नाही पाहिलं मी तिला. पाठीवर हात ठेवला, तो कोरडाच राहिला असणार. तेही कळलं नाही. बोलवा तिला आत.

आई : येणार नाही ती.

सर : मग मी जातो बाहेर.

(तलावाच्या काठावरचा बाक. दुपार. पाण्यात कुणी नाही.)

सर : बेडके, सरक जरा. गुडघे कुरकुरताहेत माझे. हां. तुझ्याशी कपाबद्दल बोलायचंय.

मुलगी : आईने सगळं सांगितलं?

सर : सांगितलं. ऐक. मी तुला पाहिलंच नव्हतं.

मुलगी : अजिबात?

सर : अजिबात.

मुलगी : पण मी तुमच्या समोरच होते. तुमची सावली माझ्या ठोकळ्यावर पडली होती.

सर : पडली असेल. मी दुसरीकडे बघत होतो.

मुलगी : मला वाटलं, तुम्हाला दिसलं आणि तुम्ही मुद्दाम खोटं बोललात. मला वाईट वाटू नये म्हणून, आजी बोलते तसं. मग वाटलं, सर तर कधी असं बोलत नाहीत. कुणी वाईट पोहलं तर सरळ "म्हैस" म्हणतात. मग मी पोहले की काय? म्हणजे मला आठवत नाहीये, पण पोहले असेन. म्हणून मी घरी जाऊन पिशवी उघडून बघितली. टॉवेल कोरडा होता.

आई : हे मला नाही सांगितलंस.

मुलगी : तू बाटलीचं सांगत होतीस.

सर : पण उडी का नाही मारलीस गं? भीती वाटली?

मुलगी : नाही.

सर : वाटली तरी चालतं.

मुलगी : नाही वाटली! सगळे हेच विचारतात. मी मारणारच होते. शिट्टी वाजली, सगळ्यांनी मारल्या, आणि पाणी एवढं हललं. म्हटलं, जरा हलायचं थांबू दे, मग मारू. तोपर्यंत त्या निम्म्यात गेल्या. मग आता मारली तर मी शेवटची. मग म्हटलं, शेवटची तर शेवटची, काय होतं? तर त्या वळल्या आणि सगळ्यांची तोंडं माझ्याकडे. मग म्हटलं, या बाहेर गेल्या की मारू. आणि मग संपलंच. माझं ठरतच होतं.

सर : ठरतच होतं.

मुलगी : हो. तुम्ही शर्यत लवकर संपवलीत.

आई : अगं, असं बोलतात का सरांना?

सर : बोलू दे. बरोबर बोलतेय. म्हणजे, बरोबर की चूक, मला कळत नाहीये, पण बोलू दे.

मुलगी : मग कप कशाबद्दल?

सर : माहीत नाही. खरंच माहीत नाही. दुकानातून सगळ्यांची नावं घालून आले, मी वाटले.

मुलगी : म्हणजे चुकून.

सर : तुझा चुकून. हो.

मुलगी : आणि बाकीच्यांचे?

सर : मघाशी तू आत आली असतीस तर छातीठोक सांगितलं असतं. आता तेही नीट सांगता यायचं नाही.

मुलगी : मला तो नको.

आई : मग राहू दे इथेच सरांकडे. आजीला मी सांगेन.

मुलगी : नको, मी सांगेन. ती थोडी रडेल. मग मी तिच्याजवळ बसेन.

सर : मी काय म्हणतो बेडके, आता मारतेस उडी? मारलीस तर कप तुझा. खराखुरा, कमावलेला.

आई : सर, तिला लालूच नको.

सर : लालूच नाही हो. मलाच सुचेना काय बोलावं, तर हे तोंडातून गेलं.

मुलगी : पण आता शर्यत कुठाय? मग कप कसला? आई, माझी टोपी आणलीस?

आई : टोपी? नाही. तू तर परत कधीच नाही म्हणाली होतीस...

मुलगी : सर, टोपीशिवाय चालेल?

आई : अगं, टोपीचं काय घेऊन बसलीस, पोहायचे कपडे कुठायत?

मुलगी : आत घातलेत.

आई : कधी?

मुलगी : रोजच घालते, उठल्यावर. मग तू विचारतेस, मी विचारते, मग तू सांगत बसतेस. मग शाळेला उशीर होतो, म्हणून काढते. आज सुट्टी, म्हणून काढले नाहीत.

आई : रोज?

सर : जा गं. टोपीशिवाय नियमात बसत नाही, पण जा.

मुलगी : शिट्टी वाजवायची नाही.

सर : नाही वाजवत.

मुलगी : आणि "मार, मार" पण नाही.

सर : तोंडातून शब्द काढणार नाही.

आई : सावकाश. फरशी ओली आहे तिकडे.

सर : सहाव्याच ठोकळ्यावर चढली बघा. पहिला जवळ होता की.

आई : हळू बोला ना.

सर : ऐकू जात नाही तिथे. वाकली. पायाची बोटं कशी बरोबर कडेवर घेतलीत. हे शिकवायला मला महिना लागतो एकेकाला.

आई : परत तशीच उभी राहिली, सर.

सर : ठरत असेल तिचं.

आई : हाक मारू का? की आपण इथून उठून जाऊ? आपण बघतोय म्हणून तर नाही ना?

सर : मला विचारताय? मघापासून मला काहीच कळेनासं झालंय. बघू नये म्हणावं, तर त्या दिवशी तेच तर केलं मी.

आई : मारेल?

सर : माहीत नाही.

आई : दारात मुलं जमलीत. तुमची पुढची बॅच असेल.

सर : थांबतील.

आई : सर, तुमचा फोन वाजतोय.

सर : वाजू दे.