चेअरमनचं हसू

हसू नका बे, मला अजून राग हाय. आमच्या दूध सोसायटीचे चेअरमन अण्णा विनोद सांगता सांगता स्वतःच इतके हसायचे, की शेवट कुणाला कळायचाच न्हाई. पण दुष्काळात सोसायटीचा चारा त्यांच्या हातात, म्हणून आमी बी हसायचो.

एकदा असंच हसत, डोळे पुसत म्हणले, "उद्या चाऱ्याची ट्रॉली येणार न्हाई." आमी अजून जोरात हसलो.

दुसऱ्या दिवशी बैलगाडी जुंपून गेलतो, तर सोसायटीला कुलूप. तसाच अण्णाच्या घरी गेलो.

"अण्णा, सांगायचं तरी!"

"काल सांगितलं की! सगळ्यात मोठ्यानं तर तूच हसलास," म्हणले, आन् लागले खदाखदा हसायला.

काय करणार बे, म्हशीला चारा पायजे होता. मी बी हसलो.