तीन ठोके

मॉरीन : ...मग मी चमच्याने ठोकून पाहिलं. एकदा, दोनदा, पाचदा. काही उपयोग झाला नाही.

सिरिल : कप खाली ठेव आधी. कपाच्या आडून बोललीस तर मला काय कळणार? ओठ दिसू देत.

मॉरीन : चमच्याने ठोकलं म्हटलं, मिस्टर हॅबगुड. बाबांच्या पलंगाच्या दांडीवर.

सिरिल : चमच्याने. पर्सीला वाटलं असेल, कोणीतरी चहा ढवळतंय.

मॉरीन : बाबांना आता अजिबात ऐकू येत नाही. तुम्हाला माहीत असेल. किंवा नसेलही. आमचं दार चुकवायला तुम्ही पस्तीस वर्षं चर्चला वळसा घालून जाता.

सिरिल : तो रस्ता सपाट आहे. माझे गुडघे...

मॉरीन : तेव्हा तुमचे गुडघे चाळिशीचेही नव्हते.

सिरिल : लार्डी केक घे. कालचाच आहे.

मॉरीन : मी खायला आले नाहीये. मंगळवारपासून बाबा उठून बसलेत आणि पलंगाची लोखंडी दांडी दोन्ही हातांनी धरून ठेवलीय. सोडतच नाहीत. जेवण नाही, झोप नाही. तळहात सोलवटलेत. हिवाळ्यात नजरही गेली, म्हणजे ओठ वाचणंही संपलं. सांगायचं तरी कसं? मधूनमधून अंगठीने दांडीवर ठोकतात. नर्स म्हणते, पाणी हवंय. पाणी दिलं तर तोंड फिरवतात.

सिरिल : किती ठोके?

मॉरीन : दोन.

सिरिल : लागोपाठ?

मॉरीन : लागोपाठ. मग मान तिरकी करून थांबतात, कोणीतरी उत्तर देणार असल्यासारखे. डॉक्टर म्हणतात, सोमवारपर्यंत जेवले नाहीत तर हॉस्पिटलात नेऊन नाकातून नळी घालायची. आणि हात बांधून ठेवायचे. बाबांचे हात.

सिरिल : ‘धरलंय.’

मॉरीन : काय?

सिरिल : दोन ठोके म्हणजे ‘मी धरलंय, मार.’ तो इंजिनाच्या बॉयलरच्या पोटात आहे, मॉरीन. मी बाहेर, तो आत. मी लालभडक रिव्हेटवर, पत्रे जोडायच्या खिळ्यावर, हातोडा घालायचा आणि त्याने आतून लोखंडाचा ठोकळा खांद्याने रेटून धरायचा. शेडमध्ये दोनशे हातोडे चालायचे. बोलणार काय, कपाळ? सगळं ठोक्यांवर. अकरा वर्षं आमची जोडी होती.

मॉरीन : मग ठोकळा सोडायचा कधी, ते कसं कळायचं?

सिरिल : बाहेरच्याने तीन ठोके द्यायचे. सावकाश. ‘सोड, बाहेर ये.’ त्याआधी आतल्याने सोडायचं नाही, आभाळ कोसळलं तरी. त्याने सोडलं आणि माझा घाव पडला, तर पेटता रिव्हेट त्याच्या छातीत.

मॉरीन : मीही तीन ठोकले होते. पाचाच्या आधी.

सिरिल : चमच्याने.

मॉरीन : एवढा काय फरक पडतो?

सिरिल : तुझ्या आईने दार वाजवलं की पोस्टमनने, हे तुला कळायचं ना? मी डावरा. माझा तिसरा ठोका थोडा ओढलेला पडतो. शेडमध्ये हसायचे त्याला. पर्सी म्हणायचा, हसा लेको, मला आत अंधारात तेवढाच एक माणूस ओळखू येतो.

मॉरीन : मग चला की. दोन गल्ल्या तर जायचंय.

सिरिल : आज? आज साडेचारला कारखान्याचा शेवटचा भोंगा आहे, मग कायमचं टाळं. सगळा गाव गेटवर जमणार. माझ्या बापाने तो ऐकला, आज्याने ऐकला. मी कंपनीच्या घरात जन्मलो, कंपनीच्या डॉक्टरने मला उलटा धरून रडवलं, कंपनीच्या तलावात पोहायला शिकलो. गावात कोणी विचारलं, नवरा कुठाय, तर बायका म्हणायच्या, ‘आत.’ एक नवा पाद्री आला होता, त्याला वाटलं अर्धं गाव तुरुंगात. मग कंपनी गेली, सरकारची रेल्वे आली. वाफ गेली, डिझेल आलं. भोंगा तेवढा राहिला होता. तोही आज...

मॉरीन : भोंग्याचं सगळं सांगितलंत. बाबांबद्दल विचारलं की गुडघे दुखतात.

सिरिल : तुला त्याने काय सांगितलंय?

मॉरीन : काही नाही. एवढंच, की सिरिलने जोडीदार बदलून मागितला. का, ते त्यालाच विचार म्हणायचे. आई गेली तेव्हाही तुम्ही आला नाहीत.

सिरिल : तो असं म्हणाला? मी मागितला म्हणून?

मॉरीन : मग खोटं आहे का?

सिरिल : नाही. खरं आहे. मला वाटायचं, तो सगळ्यांना दुसरंच सांगत असेल. ते सांगायचा हक्क होता त्याला.

मॉरीन : दुसरं म्हणजे काय? आणि केक चिवडू नका, बोला.

सिरिल : तुझी आजी वारली तो दिवस. जून महिना. जुलैच्या सहलीची तिकिटं त्या दिवशी जेवणाच्या सुट्टीत वाटणार होते. वेमथची गाडी, समुद्रावर. तुला आठवते का सहल? पहाटे कारखान्याच्या रुळांवरूनच गाड्या सुटायच्या, गावात मागे फक्त मांजरं उरायची.

मॉरीन : आठवते. आमचं इंजिन असलं की बाबा बॉयलरवर हात फिरवून सांगायचे, इथे आतून आपली रिव्हेटची ओळ आहे. ड्रायव्हर ओरडायचा, हात भाजेल म्हणून.

सिरिल : भाजला होता एकदा. तर त्या दिवशी जेवणाचा भोंगा झाला आणि मी हातोडा टाकून पळालो. वेमथच्या तिकिटांच्या रांगेत पुढे उभं राहायचं, दोन्ही घरांना एकच डबा मिळवायचा. तीन ठोके द्यायचे राहिले.

मॉरीन : आणि बाबा?

सिरिल : आतच. धरून. आत भोंगा ऐकू येत नाही, कानात नुसती घंटा वाजत असते. तासभर धरून बसला तो. गेटवर निरोप आला, आईची शेवटची घटका आहे, पर्सीला पाठवा. फोरमनने शेड पाहिली, शेड रिकामी. सुट्टीत बॉयलरच्या आत कोण बघतो? मी तिकिटं घेऊन परत आलो, तेव्हा आतून दोन ठोके आले. ‘धरलंय.’ तो घरी पोचला तेव्हा तुझ्या आजीचे डोळे मिटले होते.

मॉरीन : हे मला कोणीच...

सिरिल : दुसऱ्या दिवशी सगळे त्याला चिडवत होते, पर्सी बॉयलरमध्ये झोपला. त्याने एका शब्दाने सांगितलं नाही की सिरिल पळाला. मला ते सहन होईना. मी फोरमनकडे जाऊन जोडी बदलून घेतली. बस्स. मग आज बोलू, उद्या बोलू.

मॉरीन : तिकिटांचं त्यांना सांगितलंत?

सिरिल : आई मेलेल्या माणसाला काय सांगू, सहलीची तिकिटं घ्यायला पळालो होतो? तुमच्या घरची चारही तिकिटं चुलीत घातली.

मॉरीन : सव्वाचार झालेत. तुम्हाला गेटवर जायचं असेल तर आत्ताच निघायला हवं.

सिरिल : मागच्या दाराशी वालाच्या काठ्या आहेत, त्यांच्याजवळ हातोडा पडलाय. आण तो.

मॉरीन : कारखान्यातला? तो बाहेर कसा आला?

सिरिल : विजारीच्या पायातून. आठवडाभर लंगडत होतो. कोट दे माझा.

(दोन गल्ल्यांपलीकडे. माडीवरची खोली, लोखंडी पलंग.)

पर्सी : टक टक.

सिरिल : किती वाळलाय गं.

मॉरीन : जवळ जा. दांडीच्या त्या टोकाला हात ठेवा. दिसत नाही, पण धक्का कळतो त्यांना.

सिरिल : आणि माझा ठोका त्याने ओळखला नाही तर?

पर्सी : टक टक.

मॉरीन : काका, भोंगा. भोंगा वाजतोय. मी खिडकी उघडते, तुम्हाला थोडा तरी...

सिरिल : राहू दे खिडकी. वाजू दे त्याला. हा बाहेर आल्याशिवाय मी जात नाही.

मॉरीन : ठोका मग, सिरिलकाका.

सिरिल : टक. टक. ट...क.

मॉरीन : मान तिरकी केली बघा. बोटं... एक हात सुटला. थांबा, दुसरा पण. बाबा, इकडे द्या, माझ्याकडे द्या हात. तुमच्याकडेच वळले, काका. बोलतायत काहीतरी.

सिरिल : मला ऐकू येत नाही. काय म्हणतोय?

पर्सी : रांग मोठी होती का रे?