हेल्पची जुनी फाईल

दुबईच्या ऊद मेथा भागातल्या दवाखान्यात शुभ्रा नंबराची वाट बघत होती. मागच्या खुर्च्यांवर एक वयस्कर जोडपं मराठीत बोलत होतं.

“अहो, ऑफिसात नवे कॉम्प्युटर आले, तरी तुम्हाला उशीर?”

“जुन्या सॉफ्टवेअरचं हेल्प त्यावर उघडेना. त्याला लागणारी जुनी डीएलएल फाईल शोधून बसवली.”

“हेल्प वाचतं कोण?”

“मीच.”

“पंचवीस वर्षं वापरताय, अजून येत नाही?”

“येतं की.”

“मग?”

“लग्नाआधी ते हेल्प तूच लिहिलं होतंस ना.”

शुभ्राचा नंबर पुकारला, पण ती उठली नाही.

“त्यात स्पेलिंगच्या दोन चुका होत्या,” बाई हळूच म्हणाल्या.

“तीन आहेत. एकीलाही कुणाला हात लावू दिलेला नाही.”