सोमवारचा भोंगा

सुगंधा : लेबर कोर्टाचो निकाल आमच्या बाजून लागलो मां? बंदरार पाट्यो व्हावतना प्यावचा पाणी मागला म्हणान कंपनीन आमका काढून टाकल्यान, ता चुकीचा, सगळ्यांका परत कामार घेवा, असाच लिवलेला ना? मगे आता परत कोर्ट कित्याक?

काशिनाथ : कंपनी त्या निकालाविरुद्ध मुंबईच्या हायकोर्टात गेलीय. कोर्टाने स्थगिती दिली. आता तिथली सुनावणी होईपर्यंत निकाल नुसता कागदावर. तुमचा वकील म्हणून हे समोरासमोर सांगायला हवं, म्हणून सावंतवाडीहून आलो.

शेवंती : आणि ती सुनावणी कदी?

काशिनाथ : सांगता येत नाही. एखादं वर्ष, कदाचित तीन. त्यानंतर दिल्ली आहेच.

शेवंती : दिल्ली! मिया सावंतवाडीच्या फुडे जावक नाय. सुगंधा, तुका सांगी होतंय, माउलीची ओटी इतक्यात भरू नको. निकाल कानार पडलो, त्याच सांजेक सगळ्यांका देवळात घेवन गेलंस. नवस फिटलो, देवी मोकळी झाली.

काशिनाथ : मीही म्हटलं होतं, निकाल गॅझेटात छापून आला तरी लागू व्हायला महिना लागतो, तोवर धीर धरा. त्या महिन्यातच कंपनी वरच्या कोर्टात गेली.

सुगंधा : सगळे आता माकाच बोला. नवस फेडूक उशीर केलो तर माउली रागावता, ता कोण बगतलो? माका वाटला, झाला एकदाचा.

(बंदराकडून माल भरायला आलेल्या बार्जीचा भोंगा वाजतो.)

सुगंधा : बस गो शेवंतीबाय. तुजो भोंगो नाय तो.

शेवंती : ठावक आसा. तरी पाय उठततच. डोक्यार पाटी नाय तरी चुंबळ शोधूक लागतंय.

काशिनाथ : पाणी प्या थोडं.

शेवंती : पाणी नको. काल बाबली मुकादम इल्लो. म्हणालो, सोमवारपासून तुका कामार घेतंय. नुसतो आंगठो दी, की मी आदीपासून मुकादमाचा माणूस, कंपनीचा नाय.

काशिनाथ : दिलात?

शेवंती : इचार करून सांगतंय म्हटलंय.

काशिनाथ : मग नीट ऐका. हायकोर्टात कंपनीचं म्हणणं नेमकं हेच आहे. ह्या बायका आमच्या नव्हेतच, मुकादमाने आणलेल्या. तुमचा अंगठा त्यांनी कोर्टापुढे ठेवला, की तुम्हीच त्यांच्या साक्षीदार. सगळ्यांचं काम बुडेल.

सुगंधा : ऐकलंस? आणि इतको वेळ गप बसलंस?

शेवंती : तुझ्या कणगेत भात आसा, तू बोलतलंस. माजो घोव गेलो, पोरांका बापूस नाय. पोरांच्या पेजेत मीठ टाकून सांगतंय, ह्याच कालवण समजा.

सुगंधा : माझ्या कणगेतला घेवन जा.

शेवंती : एक दिस नेतलंय, दोन दिस नेतलंय. मगे तुजीच सासू दार लावन घेतली.

सुगंधा : सासवेक मी बगून घेतंय.

काशिनाथ : माझी एसटी सुटेल. शेवंतीबाई, मी तुम्हाला जबरदस्ती करत नाही. पण मुंबईच्या वकिलांना मला काहीतरी कळवावं लागेल.

सुगंधा : शेवंतीबाय, माउलीक नवो नवस बोलूया? ह्या खेपेक मी घाई करूचंय नाय.

शेवंती : तिका आता कशाक त्रास? वकीलसायब, कळवा तुमी. आंगठो मी देवचंय नाय.

सुगंधा : नक्की?

शेवंती : आज नक्की. पण सोमवारी भोंगो वाजलो काय माजे पाय आपसूक बंदराक जातले, तेंका कोण सांगतलो?

सुगंधा : मगे काय करूया?

शेवंती : तू येवन माझ्या दारात बस.